जिवंत राहिलेल्यांचा दावा

सर्वसाधारण विमा कंपन्यांच्या मोटार थर्ड पार्टी दावे विभागांचे प्रमुख यांस,



विषय : रस्ते अपघातातील जखमींची नुकसानभरपाई आणि कंपन्यांची न्यायालयातील भूमिका

मी जिल्हा न्यायालयात अपघातग्रस्तांच्या बाजूने दावे चालवणारा वकील आहे. आपले वकील रोज माझ्यासमोर उभे असतात. त्यांच्याशी माझा वाद नाही. आपल्या सूचनांप्रमाणे ते काम करतात. म्हणून हे पत्र मी सूचना देणाऱ्यांना लिहितो आहे. न्यायालयात मला हातातल्या एका दाव्यापुरतेच बोलता येते. दाव्यामागून दाव्यात जे तेच ते घडते, त्याबद्दल बोलायला तिथे जागा नसते. ते इथे मांडतो.

माझे म्हणणे थोडक्यात सांगायचे तर असे. अपघातात माणूस गेला तर त्याच्या वारसांना काय द्यायचे, याचा हिशोब आता बऱ्याच अंशी ठरलेला आहे. मृत्यू सिद्ध करण्यासाठी दाखला पुरतो. जो वाचतो त्याला मात्र आपले नुकसान तुकड्या-तुकड्याने सिद्ध करावे लागते: पाय किती वाकतो, हात किती उचलतो, आधी किती कमावत होता, आता का कमावू शकत नाही. या प्रत्येक तुकड्यावर आपल्या बाजूने हरकत येते. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार 2022 मध्ये देशात 4,61,312 अपघात झाले, त्यांत 1,68,491 माणसे गेली आणि 4,43,366 जखमी झाली. जाणाऱ्यांची बातमी होते. वाचणारे संख्येने अडीच पटींहून अधिक आहेत, आणि त्यांतले जे कायमचे अधू झाले त्यांच्या घरांचे पुढे काय झाले हे पाहायला कोणी येत नाही. आपण मात्र ते पाहता, कारण त्यांची प्रत्येक फाइल आपल्या टेबलावरून जाते. म्हणूनच ही विनंती आपल्याकडे.

आपल्या अडचणी मला ठाऊक आहेत. थर्ड पार्टी हप्ता सरकार ठरवते. 1 जून 2022 पासून लागू झालेल्या दरांत 75 ते 150 सीसीच्या दुचाकीला वर्षाला 714 रुपये आणि 1000 ते 1500 सीसीच्या मोटारीला 3,416 रुपये ठेवले गेले. इतक्या हप्त्यावर जखम किंवा मृत्यू झाल्यास जबाबदारीला वरची मर्यादा नाही. रस्त्यावर धावणारी कितीतरी वाहने, विशेषतः जुन्या दुचाकी, विम्याविनाच फिरतात आणि त्यांचा हप्ता आपल्याकडे येतच नाही. खोटे दावेही होतात; उत्तर प्रदेशात अशा दाव्यांच्या चौकशीसाठी अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या आदेशाने विशेष तपास पथक नेमावे लागले. भरपाईच्या रकमेत टक्केवारी मागणारे वकील आहेत, आणि त्यांच्यावर कारवाई व्हावी असे माझे ठाम मत आहे. संशयास्पद दावा आपण जरूर लढवा. तो जनतेचा पैसा आहे. पण खोट्या दाव्याविरुद्ध वापरायचे हत्यार खऱ्या दाव्यावर चालवले जाते, ही माझी तक्रार आहे.

आणि एक गोष्ट आपण विसरू नये. मोटार वाहन अधिनियम, 1988 च्या कलम 146 ने थर्ड पार्टी विमा सक्तीचा केला तो वाहनमालकाच्या सोयीसाठी केलेला नाही. टेम्पोचा मालक कंगाल असला तरी त्याच्या टेम्पोखाली सापडलेल्याला भरपाई मिळावी, यासाठी ती सक्ती आहे. पॉलिसीवर नाव मालकाचे असते. पण ती काढली जाते ती त्या अनोळखी माणसासाठी, जो अजून रस्त्यावर चालतो आहे आणि ज्याला आपले नावही माहीत नाही. तो जखमी होऊन दारात आला की त्याला प्रतिपक्ष मानणे हे त्या पॉलिसीच्या हेतूला धरून नाही.

आता एकेक मुद्दा.

पहिला मुद्दा कैफियतीचा. दाव्याची नोटीस मिळाली की आपली कैफियत दाखल होते आणि तिच्यात सगळेच नाकबूल असते. अपघात झाला हे नाकबूल, वाहनाचा सहभाग नाकबूल, जखम नाकबूल, उपचार नाकबूल, वय नाकबूल, उत्पन्न नाकबूल. कधी कधी आपणच दिलेली पॉलिसीसुद्धा ‘पुराव्याअभावी’ नाकबूल असते, जरी तिचा क्रमांक एफआयआरच्या कागदांत आहे आणि नोंद आपल्या संगणकात आहे. मग ज्यावर खरा वादच नाही त्या गोष्टी सिद्ध करण्यात वर्षे जातात. साक्षीदार शोधा, पंचांना समन्स काढा, दवाखान्यातून मूळ कागद मागवा. जखमी माणूस कुबड्यांवर जिने चढून येतो आणि पुढची तारीख घेऊन जिने उतरतो.

कायद्याने हे बदलायचे ठरवले आहे. 2019 च्या दुरुस्तीनंतर कलम 149 प्रमाणे अपघाताची माहिती मिळताच कंपनीने दावा मिटवण्यासाठी अधिकारी नेमायचा आहे आणि त्याने 30 दिवसांत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणासमोर तडजोडीचा प्रस्ताव ठेवायचा आहे. जखमीने तो मान्य केला तर पुढच्या 30 दिवसांत पैसे द्यायचे आहेत. 1 एप्रिल 2022 पासून लागू झालेल्या नियमांनी पोलिसांवरही वेळेचे बंधन घातले: पहिला अपघात अहवाल 48 तासांत, अंतरिम अहवाल 50 दिवसांत आणि सविस्तर अहवाल 90 दिवसांत. डिसेंबर 2022 मध्ये गोहर मोहम्मद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या तरतुदींच्या अंमलबजावणीसाठी निर्देश दिले. पोलिसांचे अहवाल वेळेत येत नाहीत ही आपली तक्रार मला मान्य आहे. त्यासाठी पोलीस खात्याला वेगळे पत्र लिहावे लागेल. पण जिथे अहवाल आलेला असतो तिथेही कलम 149 चा प्रस्ताव माझ्या पाहण्यात क्वचित येतो. आला तरी त्यात आकडा कसा काढला याचा हिशोब नसतो.

विनंती अशी की कैफियत देण्याआधी आपल्या अधिकाऱ्याने फाइल वाचावी. जे पडताळून खरे निघाले, म्हणजे पॉलिसी, अपघात, दवाखान्यातला मुक्काम, खरी ठरलेली बिले, ते कबूल असल्याचे लेखी द्यावे. वाद फक्त वादाच्या गोष्टींवर राहू द्या. एवढ्यानेच अर्ध्या तारखा वाचतील.

दुसरा मुद्दा टक्केवारीचा, आणि तो सर्वांत महत्त्वाचा आहे. सिव्हिल हॉस्पिटलच्या प्रमाणपत्रावर अपंगत्वाचा आकडा असतो, समजा 40 टक्के. आपले वकील लगेच म्हणतात, म्हणजे कमाईही फक्त 40 टक्केच घटली. त्यापुढे जाऊन उलटतपासात डॉक्टरांकडून वदवून घेतले जाते की हे 40 टक्के त्या एका अवयवाचे आहेत, पूर्ण शरीराचे त्याहून कमी. पण शरीराची टक्केवारी आणि पोटाची टक्केवारी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार (2011) या निकालात हे इतके स्पष्ट सांगितले आहे की त्यावर पुन्हा वाद व्हायचे कारण नव्हते. न्यायालयाने उदाहरणच दिले: डावा हात तुटलेला माणूस सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर त्याची कमाई जवळजवळ पूर्ण बुडाली; तोच माणूस सरकारी कार्यालयात कारकून असेल तर कदाचित नोकरी टिकेलही. एकच हात गेला, पण नुकसान दोघांचे निराळे. त्याआधी 2008 मध्ये, कामगार नुकसानभरपाई कायद्याखालच्या एका प्रकरणात, पाय कापावा लागलेल्या टँकरचालकाची कमाईची हानी उच्च न्यायालयाने 65 टक्क्यांवर आणली होती. ती सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा 100 टक्के धरली, कारण एका पायाने टँकर चालवता येत नाही.

आमच्या भागातले लोक घ्या. ऊसतोड करणारा, हमाल, गवंडी, रिक्षाचालक, शिवणकाम करणारी बाई. यांच्या हातापायांतच त्यांचे भांडवल आहे. गुडघा वाकत नाही म्हणून गवंडी पाडावर चढू शकत नाही, मनगट फिरत नाही म्हणून शिवणारीला मशीनवर कापड सरकवता येत नाही, कंबर धरली म्हणून हमालाला पोते उचलता येत नाही. प्रमाणपत्रावरचा आकडा काहीही असो, त्यांना दुसरे कोणते काम मिळणार आहे, हा प्रश्न विचारल्याशिवाय आकडा काढताच येत नाही.

या दोन आकड्यांतला फरक किती मोठा आहे ते हिशोबाने पाहू. समजा, 34 वर्षांचा गवंडी महिन्याला 15,000 रुपये मिळवत होता. वर्षाचे 1,80,000. प्रणय सेठी (2017) निकालाप्रमाणे चाळिशीच्या आतल्या स्वतःच्या हिमतीवर कमावणाऱ्याच्या उत्पन्नात भावी वाढीचे 40 टक्के मिळवायचे. वर्षाचे झाले 2,52,000. सरला वर्मा (2009) निकालातल्या तक्त्यानुसार 31 ते 35 वयाला गुणक 16. जखमीच्या दाव्यात स्वतःच्या खर्चापोटी वजावट करायची नसते, हे राजकुमार निकालातच सांगितले आहे. कमाई पूर्ण बुडाली असेल तर रक्कम होते 40,32,000. आता आपली भूमिका घ्या. उत्पन्नाचा कागद नाही म्हणून महिन्याचे 8,000 च धरा, आणि अपंगत्व प्रमाणपत्रातले 40 टक्के. तोच हिशोब 8,60,160 रुपयांवर येतो. म्हणजे दोन साध्या हरकतींनी माणसाचा हक्क जवळपास पाचव्या हिश्श्यावर येतो. या दोन्ही हरकती आपल्या कैफियतीत जवळजवळ छापील असतात.

म्हणून मागणे असे की प्रस्ताव देताना आपल्या अधिकाऱ्याने अपंगत्वाच्या आकड्याशेजारी आणखी एक रकाना ठेवावा: हा माणूस अपघातापूर्वी नेमके काय काम करत होता आणि आज त्यातले काय करू शकतो. आणि प्रमाणपत्र सरकारी मंडळाचे असेल, त्यावर ठोस शंका नसेल, तर ते संमतीने पुराव्यात येऊ द्या. राजकुमार निकालात तीही सूचना आहे. जिल्हा रुग्णालयातला अस्थिरोगतज्ज्ञ शस्त्रक्रिया सोडून साक्षीला येत नाही, आणि तो येईपर्यंत दावा थांबतो. खुद्द न्यायालयाने ही अडचण ओळखली आहे. आपण तिचा आधार घेऊन तारखा वाढवू नयेत.

तिसरा मुद्दा उत्पन्नाचा. पगाराची स्लिप, आयकर विवरणपत्र किंवा बँकेचे स्टेटमेंट दाखवा असे म्हणणे बँकेच्या कर्जासाठी ठीक आहे. ज्या देशात बहुसंख्य माणसे रोजंदारीवर, शेतात, नाक्यावर उभे राहून कमावतात तिथे हा आग्रह म्हणजे त्यांची कमाई शून्य असल्याचे सांगणे आहे. ठेकेदार साक्षीला येत नाही, कारण त्याला स्वतःच्या नोंदी उघड व्हायच्या नसतात. तरीही काम होते आणि मजुरी मिळत होती. निदान राज्य सरकारने त्या कामासाठी ठरवलेले किमान वेतन, अपघाताच्या तारखेचे, हा तळ आपण वाद न घालता मान्य करावा. त्यापेक्षा जास्त सांगणाऱ्याने जास्त सिद्ध करावे, हे योग्यच आहे.

गृहिणीचा प्रश्न याहून वाईट आहे. तिच्या दाव्यात ‘उत्पन्न नाही’ असे आजही लिहून येते. 2021 मध्ये कीर्ती प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वेळेच्या वापराच्या राष्ट्रीय पाहणीचा दाखला दिला: घरच्या बिनपगारी कामांत बाई दिवसाला सरासरी 299 मिनिटे घालवते, पुरुष 97. न्यायालयाने या श्रमाचे मोल धरायलाच हवे असे सांगितले. जिचा उजवा हात खांद्यापासून उचलत नाही ती बाई भाकरी थापू शकत नाही, धुणे पिळू शकत नाही, जनावरांचे करू शकत नाही. तिचे ते काम आता कोणीतरी करतेच: सासू, शाळा सोडलेली मुलगी, किंवा पैसे देऊन ठेवलेली बाई. नुकसान घरात झालेले आहे. ते मोजण्यासाठी पावती मागू नका.

चौथा मुद्दा पुढच्या उपचारांचा आणि सांभाळणाऱ्याचा. दाव्यात आपण फक्त झालेली बिले पाहता. पण जखम बिलाबरोबर संपत नाही. हाडातली प्लेट काढायला पुन्हा शस्त्रक्रिया लागते. कृत्रिम पाय काही वर्षांनी झिजतो आणि नवा घ्यावा लागतो. तरुणाला आयुष्यात तो अनेकदा बदलावा लागतो. मणक्याला मार लागलेल्याला लघवीची नळी, पाठीच्या जखमांची काळजी, फिजिओथेरपी हे रोजचे खर्च असतात. आणि त्याला उठवणारे, बसवणारे, आंघोळ घालणारे माणूस लागते. आमच्याकडे ते माणूस बहुतेक वेळा बायको किंवा आई असते. ती शेतावर किंवा कामावर जायची ते बंद होते. त्या बुडालेल्या मजुरीवर आपण म्हणता: नोकर ठेवल्याचे बिल दाखवा.

2020 च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने हा विचार नाकारला. 2007 मध्ये ट्रकची धडक बसलेल्या बारा वर्षांच्या मुलीचा मेंदू कायमचा जायबंदी झाला होता. न्यायालयाने दोन सांभाळणाऱ्यांचा महिना 10,000 रुपये खर्च धरला, त्याला गुणक 18 लावला आणि त्या एका बाबीखाली 21,60,000 रुपये दिले. उच्च न्यायालयाने 25.78 लाखांवर ठेवलेली एकूण भरपाई 62.27 लाखांवर गेली. निकाल फार मोलाचा आहे. पण मुलगी बारा वर्षांची असताना झालेल्या अपघाताचा पूर्ण न्याय ती पंचविशीच्या उंबरठ्यावर असताना मिळाला. मधल्या वर्षांत तिला सांभाळले कोणी आणि कशाच्या जोरावर? आपण सुरुवातीलाच सांभाळणाऱ्याचा खर्च गुणकाने धरून प्रस्ताव दिला, तर अशा घरांना सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागणार नाही.

2025 मध्ये केंद्राने रस्ते अपघातग्रस्तांसाठी रोकडविरहित उपचारांची योजना आणली. अपघातापासून सात दिवसांपर्यंत, 1.5 लाख रुपयांच्या मर्यादेत उपचार. तिचे मी मनापासून स्वागत करतो. सुरुवातीच्या तासांत यामुळे जीव वाचतील. पण गंभीर जखमीचा खरा खर्च आठव्या दिवशी सुरू होतो. त्या दिवसापासून अवॉर्ड हातात पडेपर्यंतचा काळ हाच माझ्या पक्षकारांचा सगळ्यांत कठीण काळ असतो. दोष न पाहता गंभीर जखमीला 2.5 लाख रुपये देण्याची कलम 164 ची तरतूद त्या काळासाठी उपयोगी पडू शकते. तिथेही कागदांवरून अडवणूक होऊ नये.

पाचवा मुद्दा परवान्याचा आणि पॉलिसीच्या अटींचा. चालकाकडे वैध परवाना नव्हता, परवाना वेगळ्या वर्गाचा होता, फिटनेस संपलेला होता, परमिट नव्हते. या हरकती कधी कधी खऱ्या असतात, तेव्हा आपण मालकाकडून पैसे वसूल करावेत. पण त्याचा भार रस्त्यावरच्या जखमीने का सोसायचा? 2004 च्या स्वरणसिंग निकालाने दोन गोष्टी पक्क्या केल्या: अटीचा भंग सिद्ध करण्याची जबाबदारी कंपनीची आहे, आणि न्यायालय कंपनीला आधी जखमीला पैसे देऊन मग मालकाकडून वसूल करायला सांगू शकते. हलक्या वाहनाचा परवाना असलेल्याने 7,500 किलोपर्यंतचे मालवाहू वाहन चालवले म्हणून किती दावे अडले, याची आपल्याला कल्पना आहे. 2017 मध्ये तो प्रश्न सुटला होता. तरी पुन्हा घटनापीठापर्यंत नेला गेला आणि नोव्हेंबर 2024 मध्ये पाच न्यायमूर्तींनी तेच उत्तर दिले. मधल्या सात वर्षांत ज्यांचे दावे याच कारणाने रेंगाळले त्यांच्या वेळेची भरपाई कोणत्याच कलमात नाही.

याच्याशीच जोडलेली एक गोष्ट आपल्या विक्री विभागापर्यंत पोहोचवा. नुसत्या ‘थर्ड पार्टी’ पॉलिसीत दुचाकीवर मागे बसलेला माणूस येत नाही, आणि मालवाहू टेम्पोत बसून लग्नाला निघालेले वऱ्हाडही येत नाही. कायद्याची ही स्थिती सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांतून आली आहे आणि मी तिच्याशी इथे वाद घालत नाही. पण गावातला दुचाकीमालक विमा घेताना ‘थर्ड पार्टी’ आणि ‘फुल’ यांत फक्त स्वस्त-महाग हाच फरक ओळखतो. बायको मागे बसते तिचे काय, हे त्याला कोणी सांगत नाही. पॉलिसीच्या पहिल्या पानावर, मराठीत, मोठ्या अक्षरांत एक ओळ छापा: या पॉलिसीत मागे बसणाऱ्याला संरक्षण नाही. हे करायला कोणत्याही न्यायालयाच्या आदेशाची गरज नाही.

सहावा मुद्दा जखमीच्याच चुकीचा. दुचाकीवर तिघे होते, हेल्मेट नव्हते, तो रस्ता ओलांडत होता. म्हणून त्याचाही निम्मा दोष. तिघे बसले हा वाहतुकीचा गुन्हा आहे आणि त्याला दंड व्हावा. पण 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की तिघे बसल्यामुळेच अपघात झाला किंवा इजा वाढली हे दाखवल्याशिवाय केवळ तेवढ्यावरून भरपाई कापता येत नाही. मागून भरधाव आलेल्या ट्रकने उडवले असेल, तर दुचाकीवर कितीजण होते याने काय फरक पडला, हे आधी सांगा. तेवढे पुराव्यानिशी सांगता येत नसेल तर ही हरकत घेऊ नका.

सातवा मुद्दा मुदतीचा. 1 एप्रिल 2022 पासून दावा अपघातानंतर सहा महिन्यांत दाखल करायचा आहे. या मर्यादेला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे. आपल्याला मात्र निकालाची वाट पाहायची गरज नाही. ज्याचे सहा महिने अतिदक्षता विभागात, दोन-तीन शस्त्रक्रियांत आणि कर्ज उभे करण्यात गेले, त्याच्यावर मुदत संपल्याची हरकत घेऊ नये अशी लेखी सूचना आपण आपल्या वकिलांना आजच देऊ शकता. न्यायाधिकरणाकडे आलेला पोलिसांचा अहवाल हाच दावा अर्ज मानण्याची तरतूद कायद्यात आहे, हेही त्या सूचनेत लिहावे.

आठवा मुद्दा पैशांच्या वेळेचा. अवॉर्ड झाले की अपील. कलम 173 प्रमाणे अपिलासाठी 25,000 रुपये किंवा रकमेच्या निम्मे, यांत जे कमी ते भरले की पुरते. म्हणून 30 लाखांच्या अवॉर्डलाही 25,000 मध्ये अपील करता येते. मग स्थगिती, मग पुन्हा वर्षे. अपील नसेल तर रक्कम वेळेत जमा होत नाही आणि आम्हाला दरखास्त दाखल करावी लागते. ज्या रकमेवर वादच नाही तेवढी तरी अपिलाबरोबरच जमा करा आणि ती काढायला हरकत घेऊ नका.

लोकअदालतीबद्दलही बोलायला हवे. तिथे तडजोडी व्हाव्यात, मी स्वतः त्या करतो. पण लोकअदालतीच्या सकाळी आपला अधिकारी जो आकडा सांगतो तो हिशोबातून आलेला नसतो. समोरच्याला पैशांची किती निकड आहे याच्या अंदाजावर तो ठरलेला असतो. न्यायाधिकरण साध्या व्याजाने पैसे देते. जखमीच्या घराने खासगी सावकाराकडून घेतलेले पैसे त्याच्या कितीतरी पटीने वाढलेले असतात. सोने मोडलेले, म्हैस विकलेली, जमिनीवर बोजा चढलेला. असा माणूस 30 लाखांच्या हक्कावर 9 लाखांना सही करतो, आणि आपल्या नोंदीत तो दावा ‘सामोपचाराने मिटलेला’ म्हणून जातो. तडजोडीचा आकडा कशावरून आला याचा एक पानी हिशोब, उत्पन्न, गुणक, अपंगत्व, उपचार, सांभाळणारा अशा रकान्यांसह, जखमीच्या हातात आधीच द्या. त्यानंतर तो कमी रकमेला तयार झाला तर तो त्याचा निर्णय राहील.

शेवटची विनंती सर्वांत सोपी आहे, आणि बाकीच्या सगळ्या विनंत्यांचे काय झाले ते तिच्यावरून कळेल. दरवर्षी आपल्या कंपनीच्या अहवालात जखमींच्या दाव्यांबद्दल चार आकडे वेगळे छापा: किती दाव्यांत कलम 149 चा प्रस्ताव 30 दिवसांत दिला, त्यांतले किती मान्य झाले, न्यायाधिकरणाने दिलेली रक्कम आपल्या प्रस्तावाच्या किती पट होती, आणि अपघातापासून पैसे हाती पडेपर्यंत सरासरी किती काळ गेला. मृत्यूचे दावे यात मिसळू नका. हे आकडे उघड झाले की कोणती कंपनी जखमीला कसे वागवते हे सर्वांना दिसेल, आपल्या संचालक मंडळालाही. दाव्यांवर वाचवलेला प्रत्येक रुपया नफा म्हणून दाखवला जातो; त्यातला किती खोट्या दाव्यांतून वाचला आणि किती थकलेल्या माणसांकडून, हा फरक आज आपल्याही कागदांत दिसत नसावा.

मी आपल्याकडे दया मागत नाही. माझ्या पक्षकारांनाही ती नको आहे. विम्याचा हप्ता भरला गेला आहे, कायदा स्पष्ट आहे, निकाल आहेत, हिशोबाचा तक्ता आहे. तो हिशोब पहिल्याच महिन्यात प्रामाणिकपणे करावा आणि जे निघेल ते द्यावे, एवढेच मागणे आहे. आपण तसे केलेत तर माझ्यासारख्यांकडे येणारे जखमींचे दावे घटतील, आणि ते घटावेत अशी माझी इच्छा आहे.

उत्तराची अपेक्षा आहे. पत्रातून मिळण्यापेक्षा आपल्या पुढच्या कैफियतीतून ते मिळाले तर अधिक आनंद होईल.

कळावे.

आपला विश्वासू,
जिल्हा न्यायालयातील मोटार अपघात दाव्यांचे काम करणारा एक वकील